काशाबाईंचा दमा

पहिल्या ओळीलाच कुणीतरी हसलं.

नागपूरच्या त्या मोठ्या सभागृहात आम्ही एकवीस जणी स्टेजवर एका सरळ ओळीत उभ्या होतो. पांढऱ्या साड्या, निळे काठ, सगळ्यांच्या वेण्या सारख्या. गाणं सुरू झालं, ‘दिस आला’, आणि आम्ही नेहमीसारख्या थांबलो. एकच मात्रा. मग ‘वर गं सई’. त्या एका मात्रेत तिसऱ्या-चौथ्या रांगेतून खुदकन आवाज आला. तिसऱ्या ओळीपर्यंत तिथल्या मुलींना आमचा थांबा पाठ झाला होता. आम्ही थांबलो की त्या छातीवर हात ठेवून मोठ्यानं श्वास ओढून दाखवायच्या, आणि त्यांची रांग हसून आडवी व्हायची. आम्ही गाणं पूर्ण केलं. अर्धवट सोडून पळायची पद्धत आमच्याकडे नव्हती.

निकालाच्या वेळी परीक्षक म्हणाले की या मुलींचे आवाज ठसठशीत आहेत, पण प्रत्येक ओळीत लय अडखळते, एवढा दोष काढला तर पथकाला भवितव्य आहे. ते भले गृहस्थ होते, त्यांनी वाईट हेतूनं म्हटलं नाही. बाहेर व्हरांड्यात मात्र एक बाई दुसरीला सांगत होती, ‘तिकडच्या पोरींना ताल कोण शिकवणार?’ तिकडच्या म्हणजे कुठल्या, हे आम्हाला कुणी समजावून सांगायची गरज नव्हती.

ही चौऱ्याऐंशी सालच्या डिसेंबरातली गोष्ट. मी तेव्हा बी.ए.च्या दुसऱ्या वर्षाला होते.

आमच्या कॉलेजला पाटीवर लांबलचक नाव होतं, पण भंडाऱ्यापासून पलीकडच्या कुठल्याही गावात विचारा, लोक ‘काशाबाईंचं कॉलेज’ म्हणूनच ओळखायचे. काशाबाई बिड्या वळायच्या. स्वतःला सहीपुरतं लिहिता यायचं. आमच्या समाजातल्या मुलींना शहरात कुणी खोली देईना, वसतिगृहात जागा ‘नुकतीच भरलेली’ असायची. म्हणून त्या बाईनं अठ्ठावन्न साली वैनगंगेकाठी एक पडीक तुकडा मिळवला आणि तिथं एकवीस मुली आणून ठेवल्या. आधी वसतिगृह झालं, मग वर्ग, मग कॉलेज. मी गेले तेव्हा काशाबाई जाऊन अठरा वर्षं झाली होती. त्यांचा एकच फोटो ऑफिसात होता. त्यातही त्या हलल्यामुळे चेहरा नीट दिसत नव्हता.

त्यांच्यामागे राहिलं होतं ते गायनपथक. मुली एकवीसच, कमी नाही, जास्त नाही. उभं राहायचं एका ओळीत, हातभर अंतर सोडून. उंच-बुटकी बघायचं नाही. जी सगळ्यात नवी ती डाव्या टोकाला, जी सगळ्यात जुनी ती उजव्या टोकाला. दरवर्षी जुन्या गेल्या की उरलेली प्रत्येक जण उजवीकडे सरकायची. उजव्या टोकाला पोचली की ती पथकाची प्रमुख, तिला आम्ही ‘टोकाची’ म्हणायचो. पुढे उभं राहून हात हलवणारं कुणी नाही, पेटी नाही, तबला नाही. आणि गाण्याच्या प्रत्येक ओळीत मधेच तो थांबा, थांब्याला अंग किंचित उजवीकडे वळवायचं. पहिल्या दिवशी प्रत्येक नवी मुलगी विचारायची की इथं का थांबायचं, आणि प्रत्येक जुनी मुलगी तिला तेच उत्तर द्यायची. काशाबाईंना दमा होता. तंबाखूत जन्म गेलेला, ओळ एका दमात निघायची नाही. त्या थांबायच्या म्हणून पहिल्या मुली थांबल्या, त्यांच्या मागोमाग आपण.

मला ते कारण पहिल्या दिवसापासून पटलं नव्हतं. म्हणजे दम्याबद्दल शंका नव्हती, पण एका बाईचा आजार सत्तावीस वर्षं कशाला गायचा, हे कळत नव्हतं. माझा स्वभावच तसा. कुणी ‘अशीच रीत आहे’ म्हटलं की माझं डोकं फिरायचं. पुढे पस्तीस वर्षं शाळेत शिकवलं तेव्हा माझ्यासारख्या मुली वर्गात आल्या की मला घाम फुटायचा, तो भाग वेगळा.

पंच्याऐंशीच्या जूनमध्ये मी टोकाची झाले. त्याच आठवड्यात प्राचार्य सुखदेवेबाईंनी मला ऑफिसात बोलावलं. बाई स्वतः याच कॉलेजच्या, तीन वर्षं याच ओळीत उभ्या राहिलेल्या. त्यांनी खुर्ची दिली, पाणी दिलं, आणि मग सरळ विषयावर आल्या. मागच्या वर्षीचं हसणं त्यांच्या कानावर आलं होतं. संस्थेतल्या काही जणांचं म्हणणं होतं की गाण्याऐवजी वादविवादाला मुली पाठवाव्यात, तिथं तरी कुणी हसत नाही.

“मी त्यांना एक वर्ष थांबायला सांगितलंय,” बाई म्हणाल्या. “यंदा नागपुरात पुन्हा हसले, तर पथक बंद करावं लागेल, उत्पला. आपल्या मुलींचं हसं करून घ्यायला मी पाठवणार नाही.”

मी म्हटलं, यंदा कुणी हसणार नाही. आणि ऑफिसातून बाहेर पडता पडताच मी ठरवलं की तो थांबा काढून टाकायचा.

ते वाटलं तेवढं सोपं नव्हतं. मुलींचे गळे आपोआप थांबायचे. मी शेजारच्या गावातल्या एका मास्तरांकडून पेटी मागून आणली, टिपऱ्या आणल्या, रोज संध्याकाळी दोन तास सराव घेतला. ओळ मोडली, दोन अर्धवर्तुळं केली, उंच मुली मागे, बुटक्या पुढे. उजवीकडे वळणं बंद केलं. कुंदा शेंडे माझी मैत्रीण, पथकात तिच्याइतका स्वच्छ आवाज दुसरा नव्हता. ती सगळ्यात आधी शिकली आणि मग बाकीच्यांना शिकवत सुटली. दिवाळीपर्यंत गाणं असं गुळगुळीत झालं की आमचं आम्हालाच कौतुक वाटायला लागलं. ‘दिस आला वर गं सई, दिस आला वर, पाखरू बसलं गं सई, कवलारावर.’ कुठे खाच नाही, कुठे अडखळणं नाही.

सरावाची जागा म्हणजे वसतिगृहाचा व्हरांडा, आणि व्हरांड्याला लागून स्वयंपाकघर. तिथं पंचफुलामावशी असायच्या. आडव्या बांध्याच्या, नऊवारी गुडघ्यापर्यंत खोचलेली, पन्नाशीच्या अलीकडच्या. सकाळ-संध्याकाळ साठ मुलींच्या पोळ्या त्या आणि त्यांच्या हाताखालच्या दोघी करायच्या. त्या कधीपासून तिथं आहेत हे कुणालाच नेमकं माहीत नव्हतं, आणि खरं सांगायचं तर कुणी विचारलंही नव्हतं. मावशी म्हणजे पोळ्या, वरण आणि ताप आला तर काढा. एवढीच आमची त्यांच्याशी ओळख होती.

दिवाळीनंतर नवं गाणं पहिल्यांदा सलग, पूर्ण म्हटलं त्या संध्याकाळी मावशी दारात येऊन उभ्या राहिल्या. हात पिठाचे. गाणं संपेपर्यंत हलल्या नाहीत.

“हे कोनतं गानं व?” त्यांनी मला विचारलं.

मी हसून म्हटलं, आपलंच, मावशी.

“नाई,” त्या म्हणाल्या. “हे आपलं नाई. यात हात कुठी हाये?”

मला वाटलं, त्या हातवाऱ्यांबद्दल बोलताहेत. दोन तासांच्या सरावानं मी थकले होते, शिवाय वीस मुली ऐकत होत्या. मी म्हणाले, “मावशी, तुम्ही पोळ्यांचं बघा, गाण्याचं मी बघते.”

मुली हसल्या. मावशी आत गेल्या. त्या दिवशी वरणाला फोडणीच पडली नाही. ते माझं वाक्य आजही आठवलं की माझी कानशिलं गरम होतात.

स्पर्धेला आठ दिवस उरले असताना वसतिगृहाची मागची भिंत पडली. भाताच्या तणसानं भरलेला ट्रॅक्टर मागे घेताना एका गड्यानं तिला असा काही धक्का दिला की अर्धी भिंत बसली आणि उरलेली अर्धी वाकून राहिली. तिच्या आत आमच्या न्हाण्या होत्या. आता नदीवर जाणारा-येणारा प्रत्येक जण आमच्या न्हाणीत बघू शकत होता. दोन दिवस आम्ही चादरी बांधून, पाळीपाळीनं पहारा देत अंघोळी केल्या. तिसऱ्या दिवशी, शनिवारी, विटा आल्या. पण ट्रकवाला म्हणाला की ओढ्यावरची पुलिया कच्ची आहे, एवढं वजन पेलणार नाही, आणि अकराशे विटा पुलियाच्या अलीकडे ओतून निघून गेला. धान चुरण्याचे, मळणीचे दिवस, गावात एक मजूर मोकळा नव्हता. गवंडी सोमवारी सकाळी येणार होता, आणि विटा भिंतीशी असल्या तरच काम धरीन म्हणत होता.

रविवारी सकाळी मी मुलींना म्हटलं, सराव दुपारी, आधी विटा. आम्ही पदर खोचले, स्वयंपाकघरातली घमेली घेतली. चार-चार विटा घमेल्यात, घमेलं डोक्यावर, पुलियापासून भिंतीपर्यंत चाळीसेक पावलं. अर्ध्या तासात सगळ्यांच्या माना आखडल्या. घमेली सहाच होती, म्हणून पंधरा जणी नुसत्या उभ्या राहून सल्ले देत होत्या. शंभर विटाही हलल्या नव्हत्या.

तेवढ्यात मावशी आल्या. त्या प्रसंगानंतर त्या माझ्याशी कामापुरतंच बोलत होत्या. त्यांनी एकदा ढिगाकडे पाहिलं, एकदा आमच्याकडे.

“असं कोनी करते का?” त्या म्हणाल्या. “घमेली ठेवा. लायनीत लागा.”

त्यांनीच आम्हाला उभं केलं. पहिल्या वर्षाची रत्नमाला सगळ्यात नवी, तिला ढिगाशी. मी भिंतीशी, कारण रचायचं काम जाणतीचं, असं त्या म्हणाल्या. मधे बाकीच्या, हातभर अंतर सोडून. डावीकडून घ्यायची, उजवीकडे द्यायची. विटा निघाल्या. जरा बरं चाललं, पण सगळ्या आपापल्या वेगानं. एकीच्या हातात दोन विटा साचायच्या, दुसरी रिकामे हात पुढे करून उभी.

कुंदा म्हणाली की गाणं म्हणू या, म्हणजे सगळ्यांचा वेग एक होईल आणि सरावही होईल. कल्पना चांगली होती. तिनंच सुरू केलं, आमचं नवं, गुळगुळीत गाणं.

दुसऱ्या ओळीला पहिली वीट पडली. तिसऱ्या ओळीला आणखी दोन. ओळ थांबतच नव्हती, त्यामुळे जड वीट हातात येऊन टेकायच्या आत ती पुढे द्यायची वेळ व्हायची. हातांवर हात आदळत होते. गाता गाता वीट छातीशी आली की आवाज चिरकायचा. मग रत्नमालेच्या पायावर वीट पडली. नशिबानं कोपरा लागला, अंगठ्याचं नख काळंनिळं झालं एवढंच, पण ती खाली बसून रडायला लागली आणि सगळी ओळ विस्कटली. मी वैतागून कुंदाला म्हटलं, गाणं बंद कर.

“गानं बंद नका करू,” मावशी म्हणाल्या. “चुकीचं म्हनून राहिल्या तुमी.”

त्यांनी रत्नमालेच्या अंगठ्याला ओला फडका गुंडाळला, तिला पुन्हा ढिगाशी उभं केलं, आणि मग चालत चालत ओळीच्या या टोकाला, माझ्याजवळ आल्या. मला एक पाऊल मागे सरकवून माझ्या जागेवर उभ्या राहिल्या. आणि गायला लागल्या.

मी त्यांना गाताना कधीच ऐकलं नव्हतं. जाडा, खालचा, थोडा फुटका आवाज. ‘दिस आला’. थांबल्या. ‘वर गं सई’.

ओळीतल्या मुलींनी एकमेकींकडे पाहिलं. मग कुंदानं आवाज मिळवला, जुन्या रीतीनं. मग सगळ्यांनी.

‘दिस आला’, वीट डावीकडून येते. थांबा, वीट दोन्ही हातांत छातीशी टेकते, दम आत धरलेला, अंग उजवीकडे वळतं. ‘वर गं सई’, वीट पुढे जाते. ‘पाखरू बसलं’, पुढची येते. थांबा. ‘गं सई’. एकवीस जणी एकाच वेळी घेत होत्या, एकाच वेळी वळत होत्या, एकाच वेळी देत होत्या. एकही वीट पडत नव्हती. मी मावशींच्या हातून वीट घेऊन रचत होते आणि माझ्या डोळ्यांतून पाणी वाहत होतं. पुसायला हात मोकळा नव्हता.

तीनेकशे विटा झाल्यावर मावशींनी थोडा विसावा घ्या म्हणून सांगितलं. मला विचारल्याशिवाय राहवेना.

“मावशी, काशाबाईंना दमा होता ना?”

“दमा?” मावशी म्हणाल्या. “तिले कायचा दमा? तिनं इथून हाक मारली का नदीपल्याडची म्हैस मागं पाहे.”

कुंदा फस्सकन हसली.

मावशींनी मग जे सांगितलं ते सगळं असंच, चार-चार शब्दांत, तांब्यातलं पाणी पिता पिता. अठ्ठावन्न साली पहिल्या एकवीस मुली आल्या तेव्हा इथं फक्त बाभळी होत्या. गवंडी मिळाला, पण विटा वाहायला शहरातला एक माणूस येईना. मग मुलींनीच ओळ लावली. सकाळी विटा, दुपारी शाळा. गाणं कुणी रचलं ते त्यांना आठवत नव्हतं. कुणी एक ओळ जोडली, कुणी दुसरी. काशाबाई ढिगाशी बसून विटा निवडायच्या. आता आम्ही निजत होतो त्या चारही खोल्या तशाच उभ्या राहिल्या होत्या. आणि त्या एकवीस जणींत भिंतीशी उभी राहणारी, टोकाची, पंचफुला होती.

“तुम्ही पहिल्या तुकडीत होता?” मी विचारलं.

“नाव होतं ना पटावर. तिसऱ्या महिन्यात सैपाकवाली पळून गेली. वीस पोरींले जेवू कोन घालन? मंग मी म्हनलं, मी करतो चार दिवस.” त्यांनी पदरानं तोंड पुसलं. “ते चार दिवस अजून चालूच हायेत.”

मी विचारलं, हे आम्हाला आधी का नाही सांगितलं. त्या माझ्याकडे खरोखरच आश्चर्यानं बघत राहिल्या.

“मले वाटलं, तुमाले माईत हाय. इतकी वर्सं बरोबर थांबत होत्या न तुमी. आन् सैपाकघरात येऊन कोनी इचारलं कधी?”

नाही विचारलं. सत्तावीस वर्षांत एकीनंही नाही. आम्ही शिकलेल्या मुली, आम्ही आमच्या मनानं कारण शोधलं आणि एका धडधाकट बाईला दमेकरी करून ठेवलं. मी मावशींच्या पायाशी वाकले. त्यांनी मला वाकू दिलं नाही, दंड धरून उभं केलं आणि म्हणाल्या की विटा उरल्या आहेत अजून, हे नाटक मग कर.

ऊन डोक्यावर आलं तेव्हा ढीग संपला. शेवटची वीट रत्नमालेनं उचलली तेव्हा शेवटचं कडवं चालू होतं, ‘झाली सांज आता गं सई, घरी चला घरी’. वीट माझ्यापर्यंत पोचली. मी ती रचली. कडव्याची एक ओळ उरली होती, पण हातात काही नव्हतं, म्हणून सगळ्या मधेच थबकल्या. काय करायचं ते कुणालाच कळेना.

मावशी माझ्याकडे वळल्या.

“आता म्हन तुह्या रीतीनं,” त्या म्हणाल्या. “हात मोकळे झाले आता. आमाले त हे सुचलंच नव्हतं. आमी वीट सरली का गानं सोडून देत होतो.”

मी शेवटचं कडवं पुन्हा उचललं, एका दमात, न थांबता, जसं सहा महिने घोकून घेतलं होतं तसं. मुली मागोमाग आल्या. मावशी ऐकत राहिल्या आणि मान डोलावून आत गेल्या. पोळ्या व्हायच्या होत्या.

सोमवारी मी सुखदेवेबाईंकडे गेले आणि सगळं सांगितलं. हेही सांगितलं की नागपुरात आम्ही जुनंच गाणं म्हणणार, थांब्यासकट, आणि बहुतेक लोक पुन्हा हसतील. बाई उठून खिडकीशी गेल्या. बाहेर गवंडी आमच्या विटा लावत होता.

“मी तीन वर्षं त्या ओळीत उभी होते,” त्या म्हणाल्या. “माझ्या मागून आलेल्या प्रत्येक मुलीला मी दम्याची गोष्ट सांगितली.”

मग त्यांनी विचारलं की हसले तर काय होईल हे मला आठवतंय ना. मी हो म्हटलं.

“यंदा मीही येते,” बाई म्हणाल्या. “पहिल्या रांगेत बसते. कोण हसतंय ते बघू दे मला.”

कुंदा मात्र चार दिवस माझ्याशी भांडली. तिचं म्हणणं, आपल्याला कळलं ते आपल्यापाशी ठेवावं, नागपूरवाल्यांना कुठं विटा दिसणार आहेत. भीती मलाही वाटत होती. माझ्या हट्टापायी पथक बंद पडलं असतं तर मावशींना तोंड दाखवायची सोय राहिली नसती.

स्टेज गेल्या वर्षीचंच. गंमत म्हणजे हातभर अंतर सोडून उभ्या राहिलो तर एकवीस जणी स्टेजवर मावेनात. गेल्या वर्षी आम्ही दाटीवाटीनं उभ्या होतो. यंदा मी ऐकलं नाही. रत्नमाला आणि आणखी एक जण डावीकडच्या पायऱ्यांवर उभ्या राहिल्या, मी उजवीकडे अर्धी पडद्याच्या आड. संयोजक खालून हात करून जवळ-जवळ या म्हणत होते. मी मान हलवून नाही म्हटलं आणि गाणं सुरू केलं.

‘दिस आला’. थांबा. हसू आलंच. त्याच बाजूनं, तसंच.

पण आता आमचे हात गप्प राहत नव्हते. मी तसं सांगितलं नव्हतं, कुणीच कुणाला सांगितलं नव्हतं. रत्नमालेनं पायरीवर वाकून काहीतरी उचललं, छातीशी धरलं, वळून दिलं. शेजारणीनं घेतलं. थांब्यात ते तिच्या हातात टेकलेलं दिसलं, त्याचं वजन दिसलं. दुसरी ओळ, दुसरी वीट. दुसऱ्या कडव्याला हसू कमी झालं. तिसऱ्याला मी पडद्याच्या कडेनं सभागृहाकडे पाहिलं. लोकांच्या माना पायऱ्यांपासून माझ्यापर्यंत हळूहळू वळत होत्या, पुन्हा पायऱ्यांकडे जात होत्या, पुन्हा वळत होत्या. गेल्या वर्षी छातीवर हात ठेवून श्वास ओढणारी मुलगी मला दिसली. आम्ही थांबलो की तिचाही श्वास थांबत होता, पण आता ती खोटं करत नव्हती.

शेवटच्या कडव्याला हात खाली आले आणि ओळ न थांबता वाहत गेली. ‘घरी चला घरी.’ सुखदेवेबाई पहिल्या रांगेत ताठ बसल्या होत्या आणि त्यांनी चष्मा काढून हातात धरला होता.

आम्हाला उत्तेजनार्थ मिळालं. परीक्षक तेच होते. ते म्हणाले की गेल्या वर्षी दाखवलेला लयीचा दोष या मुलींनी शेवटच्या कडव्यात उत्तम रीतीनं दूर केला आहे, पूर्ण गाण्यात केला असता तर पहिला क्रमांक नक्की होता. आम्ही बसमध्ये बसेपर्यंत कसंबसं आवरलं आणि मग भंडारा येईपर्यंत हसत होतो. सुखदेवेबाई सगळ्यात जास्त हसल्या. पथक बंद करायचा विषय पुन्हा कधी निघाला नाही.

पुढे कॉलेज वाढलं, तीन मजली झालं. पथक अजून आहे, एकवीस मुलींचंच. परवा माझ्या भाचीच्या मुलीचा फोन आला, ती यंदा ओळीत डाव्या टोकाला उभी राहते आहे. तक्रार करत होती की सगळ्या गाण्यात थांबायचं आणि शेवटच्या कडव्यात नाही, हे असं का, सिनिअर मुलींना विचारलं तर म्हणतात, अशीच रीत आहे. मी तिला फोनवर काही सांगितलं नाही. म्हटलं, सुटीत मैत्रिणींना घेऊन माझ्याकडे ये, अंगणाला पार बांधायचाय, विटा मागवून ठेवते. ती म्हणाली, आजी, मी गाण्याचं विचारतेय. मी म्हटलं, मीही गाण्याचंच सांगतेय.

त्या दिवशी नागपूरहून आमची बस दिवेलागणीला कॉलेजच्या फाटकाशी पोचली. मुली प्रमाणपत्र घेऊन ऑफिसाकडे धावल्या. मी सरळ स्वयंपाकघरात गेले. मावशी तव्यासमोर होत्या. त्यांनी वर पाहिलं नाही. पहिला नंबर आला का, विचारलं नाही. लोक हसले का, तेही नाही. पोळी उलटवली, कडेनं दाबली, आणि मग म्हणाल्या,

“किती पडल्या?”

“एकही नाही, मावशी.”

त्यांनी मान हलवली आणि माझ्यासाठी पाट सरकवला.